सेटवरचे नियम घरातल्या कॅमेऱ्याला का नाहीत? बालहक्क आयोगाला खुलं पत्र

प्रति,
मा. अध्यक्ष व सर्व सदस्य,
महाराष्ट्र राज्य बालहक्क संरक्षण आयोग, मुंबई

सादर नमस्कार.

मी मराठी मालिकांच्या निर्मितीत काम करते. सेटवर लहान मूल असलं की त्याची जबाबदारी माझ्याकडे असते. जिल्हाधिकारी कार्यालयाच्या परवानगीची फाइल, पालकांचं संमतीपत्र, शाळेचं पत्र, मुलाचा कॉल टाइम म्हणजे सेटवर यायची वेळ, त्याचं खाणं, झोप, गृहपाठ, आणि वेळ भरली की दिग्दर्शकाचा राग ओढवून घेऊन त्याला घरी पाठवणं, हे माझं रोजचं काम. पत्र तुम्हाला लिहिते आहे, पण ते आई-वडिलांनी, आजी-आजोबांनी आणि शिक्षकांनीही वाचावं, म्हणून सगळ्यांसमोर ठेवते आहे.

आपल्या मुलांचं आयुष्य रोज मोबाइलवरून जगासमोर मांडणाऱ्या आणि त्यातून कमाई करणाऱ्या पालकांबद्दल मला बोलायचं आहे. त्याहून जास्त बोलायचं आहे ते या बाबतीत शासनाने घेतलेल्या बघ्याच्या भूमिकेबद्दल.

आधी सेटवरचे नियम सांगते, कारण पुष्कळ पालकांना ते माहीतच नसतात. बाल कामगार कायदा 1986 चा. 2016 मध्ये त्यात मोठी दुरुस्ती झाली आणि 14 वर्षांखालच्या मुलाला कामाला लावायला बंदी आली. दोन सवलती ठेवल्या गेल्या. शाळेची वेळ सोडून घरच्या व्यवसायात मदत करणं ही एक, आणि कलाकार म्हणून काम करणं ही दुसरी. कलाकारांसाठीचे नियम 2017 मध्ये आले. दिवसाला 5 तासांपेक्षा जास्त काम नाही. विश्रांतीशिवाय सलग 3 तासांपेक्षा जास्त नाही. सलग 27 दिवसांपेक्षा जास्त नाही. शूटिंग सुरू होण्याआधी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची, शाळा बुडणार नाही याची सोय करायची, आणि दर 5 मुलांमागे एक जबाबदार माणूस नेमायचा. मुलाच्या कमाईतला किमान 20 टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत थेट त्याच्या नावावर मुदत ठेवीत जमा करायचा, जो त्याला सज्ञान झाल्यावर मिळतो. आणि मुलाच्या मर्जीविरुद्ध त्याच्याकडून काहीही करून घ्यायचं नाही.

हे सगळं सगळीकडे काटेकोर पाळलं जातं, असा माझा दावा नाही. मालिका रोजची असते, हातात तयार एपिसोड उरलेले नसतात, युनिट बारा-तेरा तास उभं असतं, आणि मूल पेंगायला लागलं तरी "एकच शॉट राहिलाय" म्हणून त्याला थांबवून ठेवलं जातं. पण नियम आहे, म्हणून मला भांडता येतं. मी कागद पुढे करते आणि मूल गाडीत बसून घरी जातं. घरी गेल्यावर त्याच्यासाठी असा कागद पुढे करणारं कोणी नसतं.

गेल्या वर्षी आमच्याकडे सहा वर्षांची एक मुलगी होती. घोडबंदर रोडवरच्या बंगल्यात शूटिंग चालू होतं. तिचे तास भरले, तसं मी तिचं पॅकअप सांगितलं आणि मेकअप उतरवायला घेऊन गेले. आईने मला थांबवलं. म्हणाली, "मेकअप राहू द्या ताई, आमच्या पेजचं एक करून घेते." मेकअप रूमच्या कोपऱ्यात रिंग लाइट लागला. एका कंपनीकडून आलेला खेळण्याचा खोका होता. मुलीने तो उघडला. आई म्हणाली, चेहऱ्यावर आनंद दिसला नाही. खोक्याला चिकटपट्टी लावून तो परत बंद केला, परत उघडायला दिला. पुन्हा नाही जमलं. आई पुन्हा चिकटपट्टी लावत होती, तेव्हा मुलीने विचारलं, "आई, ही बाहुली माझीच आहे ना?" आई म्हणाली, "हो गं, पण आत्ता नाही खेळायचं. तिचे केस विस्कटतील. उद्या अजून एक व्हिडिओ आहे."

मी तिथेच उभी होते. माझ्या फाइलमधले तिचे तास संपले होते, त्यामुळे तिच्या बाजूने बोलण्याचा माझा अधिकारही संपला होता.

ती आई वाईट नाही. लेकीचा डबा स्वतः करून आणायची, सीन चालू असताना पंखा घेऊन बाजूला उभी राहायची. घरातली एक नोकरी सुटलेली होती आणि घराचा हप्ता त्या पेजच्या पैशांतून जात होता. हे मी तिची बाजू मांडायला सांगत नाही. सांगते ते अशासाठी की, हप्ता सहा वर्षांच्या मुलीच्या हसण्यावर अवलंबून असेल, तर त्या मुलीला कामगाराचं संरक्षण मिळायलाच हवं. पालक प्रेमळ आहेत की निष्ठुर, यावर मुलाचं संरक्षण ठरू नये. सेटवर ते तसं ठरत नाही.

त्यानंतर परवानगीच्याच कामासाठी एका सरकारी कार्यालयात गेले असताना मी विचारलं की, घरी काढलेल्या, जाहिरातीचे पैसे घेतलेल्या व्हिडिओला हे नियम लागत नाहीत का? समोरचे साहेब सज्जन होते. त्यांनी फाइल मिटली आणि म्हणाले, "मॅडम, आई-बापच आहेत ते. घरातल्या गोष्टीत आपण कसं पडणार?" हे उत्तर मला मान्य नाही, म्हणून हे पत्र.

मुलीच्या लग्नाचं वय ठरवताना आपण घरात पडलो. पोराला शाळेत घातलंच पाहिजे म्हणताना घरात पडलो. घरातल्या मारहाणीसाठी 2005 साली स्वतंत्र कायदा केला. महाराष्ट्राला तर हे नवीन नाही. विवाहित मुलीशी शरीरसंबंधांसाठी किमान वय किती असावं, या संमतिवयाच्या वादात, 1891 साली, "घरातल्या गोष्टीत सरकार कशाला" हाच मुद्दा पुण्या-मुंबईत तावातावाने मांडला गेला होता. मूल घरातलं आहे म्हणून ते कायद्याच्या बाहेर आहे, ही भूमिका आपण कधीच मागे टाकली आहे.

आता माझ्या तक्रारी.

पहिली वेळेची. घरातल्या कॅमेऱ्याला पॅकअप नसतं. "आमची सकाळ" असा व्हिडिओ करायचा तर मुलाला आधी उठवतात, दिवे लावतात, आणि पुन्हा डोळे मिटून पडायला सांगतात, कारण झोपेतून उठण्याचा शॉट हवा असतो. मग दात घासणं, मग डबा, मग शाळेच्या बसला हात हलवणं. संध्याकाळी ट्रिप, हॉटेल, वाढदिवस, आजीकडे जाणं. सेटवरच्या मुलाला निदान कळतं की आता काम चालू आहे आणि आता संपलं. रोजचा व्लॉग, म्हणजे रोजच्या जगण्याचा व्हिडिओ, करणाऱ्या घरातल्या मुलाला ते कळायला मार्ग नाही, कारण जेवणही शूटिंग आणि रुसवाही शूटिंग. माझ्याकडे आलेला एक मुलगा पाणी पिण्याआधीसुद्धा कॅमेरा कुठे आहे ते बघायचा. आमच्या दिग्दर्शकांना त्याचं कौतुक वाटलं. मला नाही वाटलं.

दुसरी पैशाची. इन्स्टाग्रामवर 13 वर्षांखालच्या मुलाचं खातं पालक चालवत असतील तरच चालतं. म्हणजे खातं पालकांचं, पासवर्ड पालकांचा, करार पालकांच्या नावाने आणि बँकेत येणारी रक्कमही पालकांच्याच खात्यात. त्याशिवाय बार्टर असतंच: कपडे, खेळणी, रिसॉर्टमधले दोन दिवस, मोफत दिलेलं काहीही, ज्याच्या बदल्यात व्हिडिओ द्यायचा. यात मुलाचा वाटा किती, हे कुठेच लिहिलेलं नसतं. आमच्या मालिकेत चार वाक्यांचं काम केलेल्या मुलाच्या नावावर ठेव असते आणि बारशापासून रोज दिसणाऱ्या मुलाच्या नावावर काहीच नसू शकतं. हे मला कुठल्याही अंगाने न्याय्य वाटत नाही.

तिसरी तक्रार सांगताना माझा हात थांबतो, पण तीच सगळ्यांत मोठी आहे. मुलांची लाज विकली जाते आहे. अंथरूण ओलं झालेलं दाखवतात. कमी मार्क मिळाल्यावरचं रडणं दाखवतात. "तुला आम्ही दवाखान्यातून उचलून आणलंय" असं चार वर्षांच्या मुलाला सांगतात, त्याचा चेहरा पडेपर्यंत कॅमेरा धरतात आणि मग "गंमत केली रे" म्हणून मिठी मारतात. खाली हसण्याचे इमोजी येतात. मूल त्या रात्री झोपलं की नाही, हे कोणी विचारत नाही. इंजेक्शन देताना त्याचा हात धरण्यासाठी आई हवी असते. त्या हातात मोबाइल असतो.

बारा वर्षांची एक मुलगी आमच्याकडे काम करत होती. तिला पहिली पाळी आली, तेव्हा घरच्यांनी केक आणला, साडी नेसवली, ओवाळलं. न्हाण आलं की कौतुक करायची रीत आपल्याकडे आहेच आणि मला तिच्याबद्दल आदर आहे. पण ती चार सवाष्णींची, घरातल्या बायकांची गोष्ट. मुलगी नको नको म्हणत असताना तिच्या वडिलांनी ते सगळं शूट केलं आणि "आमची राणी मोठी झाली" असं लिहून टाकलं. लोकांनी त्यांची वाहवा केली, किती मोकळ्या विचारांचे वडील म्हणून. पुढच्या शेड्यूलला ती सेटवर आली, तेव्हा युनिटमधल्या कोणीतरी तिच्यासमोरच त्या व्हिडिओचा विषय काढला. वाईट हेतूने नसेल. ती मेकअप रूमची कडी लावून बसली. मी दाराबाहेर बसून राहिले. बऱ्याच वेळाने आतून तिने एवढंच विचारलं, "तो काढून टाकता येतो का हो ताई?" वडिलांना विचारलं तर ते म्हणाले, त्याला फार छान रीच आहे, खूप लोकांपर्यंत पोहोचतोय, आता काढला तर पेज पडेल.

पाळीबद्दल मोकळेपणाने बोलायला हवं, यात मला शंका नाही. पण जिच्या शरीराबद्दल बोलायचं ती बोलेल तेव्हा, आणि तिला हवं तेवढंच.

चौथी तक्रार सुरक्षिततेची आहे. शाळेच्या गणवेशावरचा बिल्ला, बसचा नंबर, सोसायटीचं फाटक, क्लासची वेळ, "बाबा टूरवर आहेत, आम्ही दोघीच घरी आहोत" हे वाक्य. एखाद्या अनोळखी माणसाला मुलापर्यंत पोहोचायला याहून जास्त काय लागतं? मुलाचं लाडाचं नाव, त्याच्या मैत्रिणीचं नाव, कुत्र्याचं नाव, सगळं माहीत असलेला माणूस मुलाला अनोळखी वाटतच नाही. शिवाय आता साध्या फोटोवरून घाणेरडा फोटो बनवून देणारी ॲप्स आली आहेत. आंघोळीच्या टबातला फोटो टाकणाऱ्यांनी एक प्रकरण जरूर लक्षात घ्यावं. 2024 मध्ये गुजरात उच्च न्यायालयात एक अभियंता गेला. त्याने स्वतःच्याच लहानपणीचा, आजी आंघोळ घालतानाचा फोटो गुगल ड्राइव्हवर ठेवला होता. यंत्रणेने तो बालशोषणाचा मजकूर समजून त्याचं खातंच बंद केलं होतं. आजीचं प्रेम यंत्राला कळत नाही. आणि काही माणसांना जे दिसतं, ते तर मला इथे लिहायचंही नाही.

पाचवी, हे काहीच पुसता येत नाही. 24 ऑगस्ट 2017 रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने खासगीपणा हा मूलभूत अधिकार असल्याचा निर्णय दिला. न्या. संजय किशन कौल यांनी आपल्या स्वतंत्र निकालपत्रात मुलांच्या खासगीपणाला विशेष संरक्षण लागेल, असं नमूद केलं आहे. बालहक्कांच्या आंतरराष्ट्रीय करारात सोळावं कलम मुलाच्या खासगीपणाचं आणि प्रतिष्ठेचं आहे, आणि भारताने तो करार 1992 मध्येच स्वीकारला. मेकअप रूमच्या दारामागून मला जे विचारलं गेलं, त्याला या सगळ्यातून आज उत्तर मिळत नाही.

डेटा संरक्षणाचा 2023 चा कायदा आला तेव्हा मला वाटलं होतं, आता काहीतरी होईल. तो कायदा 18 वर्षांखालच्या प्रत्येकाला मूल मानतो, मुलांची माहिती वापरण्याआधी पालकांची खात्रीशीर संमती मागतो, मुलांवर पाळत ठेवून त्यांना जाहिराती दाखवायला मनाई करतो. कंपन्यांपासून संरक्षण म्हणून हे चांगलंच आहे. पण त्यात सगळी भिस्त पालकांवर आहे. मुलाच्या माहितीवर हक्क सांगणाऱ्यांच्या व्याख्येतच पालक येतात. वैयक्तिक आणि घरगुती वापर कायद्याच्या बाहेर ठेवला आहे. जी माहिती तिच्या मालकानेच जाहीर केली, तीही बाहेर. आता पालकच मुलाची माहिती जाहीर करत असतील, तर मुलाने या कायद्याखाली कोणाकडे जायचं? ज्यांच्याबद्दल तक्रार आहे, त्यांच्याच सहीने?

बाल कामगार कायद्यातही अशीच फट आहे. कलाकाराच्या सवलतीत जाहिरात, चित्रपट, मालिका आणि त्यासारखी इतर मनोरंजनाची कामं येतात. कमाई करणारा फॅमिली व्लॉग त्यात बसायला हवा, असं मला वाटतं. पण कोणी म्हणू शकतं की, हा तर आमचा घरचा व्यवसाय, मूल शाळा सुटल्यावर मदत करतं. 2022 मध्ये राष्ट्रीय बालहक्क आयोगाने मनोरंजन क्षेत्रातल्या मुलांसाठी मार्गदर्शक तत्त्वांचा मसुदा काढला. समाजमाध्यमांचा विचार त्यात केला होता, याचं मला समाधान वाटलं. पण पालकांनी मुलाला घेऊन केलेल्या, मोबदला मिळणाऱ्या व्हिडिओंना त्यात घरच्या व्यवसायाचीच वाट दाखवलेली होती. मला ही वाट चुकीची वाटते. शेतात आईबरोबर शेंगा तोडणारं मूल आणि लाखो अनोळखी लोकांसमोर स्वतःचं रडणं दाखवणारं मूल, यांना एका कलमात बसवता येणार नाही. पहिल्याचं काम संध्याकाळी संपतं. दुसऱ्याचं काम ते पंचवीस वर्षांचं होऊन नोकरीच्या मुलाखतीला गेल्यावरही कोणाच्या तरी मोबाइलवर चालूच असतं.

"मुलालाच आवडतं, आम्ही जबरदस्ती करत नाही," असं मला नेहमी ऐकवलं जातं. खरं आहे. सेटवरच्या मुलांनाही आवडतं. माझ्या अनुभवात मुलं शूटिंगवर बहुतेक वेळा खूश असतात, घरी जायला तयार नसतात. म्हणून तर तास मोठ्या माणसांना मोजावे लागतात. चार वर्षांच्या मुलाला आई-बाबांचं लक्ष आपल्याकडे आहे, याचा आनंद होत असतो. पलीकडे किती जण बघत आहेत आणि किती वर्षं बघणार आहेत, याची त्याला कल्पना नसते. त्या आनंदाला संमती म्हणू नका.

बाहेर काय झालं तेही थोडक्यात सांगते. फ्रान्सने ऑक्टोबर 2020 मध्येच 16 वर्षांखालच्या अशा मुलांसाठी कायदा केला. ठरावीक मर्यादेपलीकडची कमाई मुलाच्या नावाने सरकारी संस्थेत जमा होते, आणि आपला व्हिडिओ काढून टाका असं मूल स्वतः सांगू शकतं, त्यासाठी पालकांची परवानगी लागत नाही. फेब्रुवारी 2024 मध्ये त्यांनी आणखी एक कायदा करून मुलाच्या प्रतिमेचं आणि खासगीपणाचं रक्षण ही आई-वडिलांची जबाबदारी आहे, असं स्पष्ट लिहिलं. अमेरिकेत इलिनॉय राज्याचा कायदा जुलै 2024 पासून लागू झाला. तिथे पालकांना मुलाचा वाटा वेगळा काढून ठेवावा लागतो. मिनेसोटाने त्याच्याही पुढचं पाऊल टाकलं आणि जुलै 2025 पासून 14 वर्षांखालच्या मुलांना या कामात घ्यायलाच मनाई केली. युटामध्ये रुबी फ्रँकी या प्रसिद्ध व्लॉगर आईला मुलांच्या छळाबद्दल 2024 मध्ये तुरुंगवासाची शिक्षा झाली. तिच्या मोठ्या मुलीने त्याच वर्षी तिथल्या आमदारांसमोर साक्ष देताना मागणी केली, ती सगळ्याच फॅमिली व्लॉगमधल्या मुलांच्या संरक्षणाची. आईला शिक्षा होऊन तिचं समाधान झालं नव्हतं, हे आपण नीट ऐकायला हवं.

या सगळ्यांपुढे आपण मागासलेले आहोत, असं मला म्हणायचं नाही. 20 टक्क्यांचा नियम आपल्याकडे 2017 पासून आहे, म्हणजे या सगळ्या कायद्यांच्या आधीपासून. तो घराच्या उंबऱ्याशी येऊन थांबला आहे, एवढीच माझी तक्रार.

एक गैरसमज होऊ नये. परदेशातल्या नातवाचा फोटो पुण्यातल्या आजीला पाठवणं, बोरन्हाणाचे चार फोटो घरच्या ग्रुपवर टाकणं, याबद्दल माझं काहीही म्हणणं नाही. गावाकडच्या शेतकरी कुटुंबांनी आपलं जगणं व्हिडिओतून दाखवून चार पैसे मिळवले, याचा मला आनंदच आहे. त्यांची भाकरी बंद व्हावी अशी माझी इच्छा नाही, आणि मी बंदी मागतही नाही. मी मागते आहे ते नियम.

माझ्या मागण्या अशा आहेत.

मुलाला दाखवून मोबदला मिळत असेल, रोख असो वा वस्तूंच्या रूपात, तर तो व्हिडिओ घरचा व्यवसाय न मानता दृक्श्राव्य निर्मिती मानावा आणि 2017 चे नियम त्याला लागू करावेत, अशी स्पष्ट शिफारस आयोगाने राज्य शासनाकडे करावी. बालहक्क संरक्षण आयोगांच्या 2005 च्या कायद्याने आयोगाला स्वतःहून चौकशी करण्याचा आणि शासनाला शिफारस करण्याचा अधिकार दिलेला आहे. कोणाच्या तक्रारीची वाट बघण्याची गरज नाही, कारण ज्याने तक्रार करायची ते मूल दुसरीत आहे.

पैशांच्या बाबतीत जबाबदारी एकट्या पालकांवर टाकू नका. जो ब्रँड आणि जी एजन्सी मुलाला घेऊन जाहिरात करून घेते, तिनेच मुलाचा किमान 20 टक्के वाटा थेट त्याच्या नावच्या ठेवीत भरावा आणि पावती जपून ठेवावी. आम्ही मालिकावाले हे करतो. मोठमोठ्या कंपन्यांना ते न जमण्याचं काही कारण नाही. बार्टर असेल तर वस्तूची किंमत धरून हिशोब व्हावा.

काही गोष्टी पूर्णपणे वर्ज्य ठराव्यात: आंघोळ, शी-शू, आजारपण, पाळी, शिक्षा, रडणं, आणि मुलाला घाबरवून किंवा फसवून केलेले व्हिडिओ. शाळा, गणवेश, घराचा पत्ता आणि रोजच्या वेळा दिसणार नाहीत, हेही त्यात यावं. इथे मोबदला मिळाला की नाही हे बघू नये. फुकट केलेला अपमानही अपमानच असतो.

मुलाला स्वतः अर्ज करता यावा. पालकांची सही नसलेला, साध्या मराठीत लिहिलेला, हवं तर 1098 या मुलांच्या मदत क्रमांकावर फोन करून सांगितलेला. आयोगाने तो घ्यावा, मुलाचं नाव गुप्त ठेवावं, पालकांशी बोलायला समुपदेशक पाठवावा आणि ठरावीक दिवसांत तो व्हिडिओ उतरवला जाईल, असं बघावं. सज्ञान झाल्यावर तर त्याला कारण देण्याचीही गरज पडू नये. या पत्रातली सगळ्यांत महत्त्वाची मागणी मला विचाराल तर ही आहे. बाकीच्या मागण्यांना वेळ लागणार असेल तर लागू द्या, ही आधी करा.

शाळांनाही यात घ्या, विशेषतः बालवाड्या आणि नर्सरींना. प्रवेश अर्जाच्या शेवटच्या पानावर "फोटो वापरण्यास संमती आहे" अशी एक ओळ छापून वर्षभर मुलांचे रील्स टाकणं थांबायला हवं. संमती प्रत्येक कार्यक्रमासाठी वेगळी घेतली जावी आणि नाही म्हणणाऱ्या पालकाच्या मुलाला मागच्या रांगेत बसवू नये.

आणि नियम करण्याआधी एक सुनावणी घ्या, ज्यात आमच्यासारखे निर्मितीतले लोक, बालरोगतज्ज्ञ, शिक्षक, असे पेज चालवणारे पालक आणि मुख्य म्हणजे पूर्वीचे बालकलाकार येतील. आज ते तिशी-चाळिशीत आहेत. स्वतःच्या लहानपणाचं काय झालं, पैशाचं काय झालं, हे त्यांना विचारा. पालकांनाही बोलवा, त्यांना आरोपीसारखं उभं न करता. त्यांच्यातल्या अनेकांना कुठे थांबायचं हे कोणी सांगितलेलंच नाही. समोर नुसते वाढणारे आकडे दिसत राहतात.

या पत्राच्या प्रती मी महिला व बालविकास विभाग आणि कामगार विभाग यांनाही पाठवते आहे. सुनावणी लावलीत तर परवानगीचे अर्ज, तासांची नोंदवही आणि ठेवीच्या कागदांचे नमुने घेऊन मी येईन; घरगुती व्हिडिओंसाठी ते किती सोपे करता येतील, हेही मांडेन. दोन पानांत होण्यासारखं काम आहे. ज्या मुलांबद्दल मी वर लिहिलं, त्यांची नावं या पत्रात दिलेली नाहीत आणि खुल्या सुनावणीतही देणार नाही. त्यांच्यापैकी कोणाला स्वतः तुमच्याशी बोलायचं असेल, तर ते बंद खोलीत, कॅमेऱ्याशिवाय व्हावं, एवढी हमी मला आधी लेखी द्यावी.

कळावे,
आपली विश्वासू,
मालिकांच्या सेटवर बालकलाकारांची जबाबदारी सांभाळणारी एक, ठाणे